जिंकलेल्या गावाची चूल



ज्या शाळेत मी अक्षरे गिरविली, त्याच शाळेच्या व्यासपीठावरून आज आपल्याशी बोलण्याचा योग यावा, हे मी माझे भाग्य समजतो. ज्यांच्या स्मृत्यर्थ ही व्याख्यानमाला चालविली जाते, त्या आमच्या गुरुजींकडे मी तीन वर्षे इतिहास शिकलो. संशोधक म्हणवून घेण्याची माझी योग्यता नाही. गुरुजींच्या एका प्रश्नाचे उत्तर माझ्याकडून बरीच वर्षे राहून गेले आहे. ते त्यांच्याच शाळेत देता आले तर पाहावे, एवढ्याच हेतूने मी येथे उभा आहे.

गुरुजींची एक लकब येथे बसलेल्या माझ्या समवयस्कांना आठवत असेल. धड्यात एखादी फत्ते आली की आम्ही मुले आवाज चढवून वाचीत असू. परिच्छेद संपला की गुरुजी चष्मा काढून हातात घेत आणि शांतपणे विचारीत, ‘त्या संध्याकाळी त्या गावात चूल पेटली का रे?’ आम्हांला हा प्रश्न विक्षिप्त वाटे. परीक्षेत तो कधी येत नसे. पुढे मी स्वतः इतिहासाचा शिक्षक झालो आणि जवळजवळ तीस वर्षे फळ्यावर एकच ओळ लिहीत आलो : ‘बंगालवरील स्वाऱ्या, १७४२ ते १७५१. फलश्रुती : १२ लाखांची चौथाई व ओडिशाचा ताबा.’ ओळीखाली रेघ ओढायची आणि पुढच्या धड्याकडे वळायचे. गुरुजींचा प्रश्न मी माझ्या वर्गात एकदाही विचारला नाही.

तो प्रश्न माझ्याकडे परत आला तो एका अंगाईमुळे. या बडोद्यातच आमच्या शेजारी एक बंगाली प्राध्यापकांचे कुटुंब राहत असे. एके दुपारी काही कामासाठी त्यांच्या दाराशी गेलो, तेव्हा घरातल्या आजी नातवाला थोपटीत काहीतरी गुणगुणत होत्या. मला पाहताच त्या एकदम थांबल्या आणि ओशाळल्या. मी कारण विचारले. बराच वेळ त्या काही बोलेनात. शेवटी म्हणाल्या, ‘फार जुने गाणे आहे, तुम्ही मनाला लावून घेऊ नका.’ बारगी देशात आले आहेत, आता सारा कोठून भरायचा, अशी काळजी त्या अंगाईत आहे, असे मला नंतर समजले. बंगालमधील मातांच्या कित्येक पिढ्यांनी ती गाऊन मुलांना निजविले आहे. आमच्या घरी मुले बागुलबुवाच्या धाकाने झोपतात. त्या घरी तो बागुलबुवा मराठी बोलत होता.

‘बारगी’ हा शब्द आपलाच आहे. मराठी फौजेत स्वाराचे दोन प्रकार होते. स्वतःचा घोडा आणि हत्यार घेऊन येणारा तो शिलेदार. ज्याला घोडा आणि हत्यार सरकारातून किंवा सरदाराच्या पागेतून मिळे तो बारगीर. म्हणजे ज्याच्या नावाचा धसका बंगालने पावणेतीनशे वर्षे जपून ठेवला, त्याच्या मांडीखालचा घोडासुद्धा त्याचा स्वतःचा नव्हता. पोटासाठी चाकरीला आलेला तो कुणब्याचा पोर असावा. पगार थकलेला, घर शेकडो कोस दूर. विजयाचा विचार करताना ही गोष्ट मी मुद्दाम आधी सांगतो, कारण मारणारा आणि मरणारा यांच्या घरची गरिबी पुष्कळदा सारखीच असते.

आता हे घडले कसे, ते थोडक्यात पाहू. १७१९ मध्ये बादशाहीकडून मराठ्यांना दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाईच्या आणि सरदेशमुखीच्या सनदा मिळाल्या. चौथाई म्हणजे वसुलाचा चौथा हिस्सा आणि सरदेशमुखी म्हणजे आणखी दहावा हिस्सा. कल्पना अशी की, ज्या मुलखाने हा हिस्सा द्यावा त्या मुलखाला त्रास देऊ नये. पुढे ही मागणी नर्मदेपलीकडे गेली. दसऱ्याला सीमोल्लंघन करावे, आठ महिने परमुलखात राहावे आणि पावसाळ्याच्या तोंडाशी परतावे, असा क्रम पडला. यालाच आपण मुलूखगिरी म्हणतो. फौजेचा खर्च खजिन्यातून भागत नसे, तो ज्या मुलखात फौज जाईल त्या मुलखाने भागवावा असे गृहीत होते. खुद्द पहिल्या बाजीरावासारखा पराक्रमी पुरुष सावकारांच्या कर्जाने त्रस्त होता, हे त्याने ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेल्या पत्रांतून दिसते. सरदारावर सावकाराचे कर्ज आणि शिपायाचा पगार सरदाराकडे थकलेला. ही सगळी साखळी शेवटी परमुलखातल्या कुणाच्या तरी कणगीपाशी येऊन थांबे. म्हणून लूट हा कोणा एका सरदाराच्या क्रौर्याचा प्रश्न नव्हता. त्या काळच्या लष्करी जमाखर्चाचा तो एक रकाना होता.

१७४२ च्या वसंतात नागपूरकर रघूजी भोसल्यांचे दिवाण भास्करराम कोल्हटकर, ज्यांना बंगालमध्ये भास्कर पंडित म्हणतात, फौजेनिशी बंगालमध्ये उतरले. तेथे नवाब अलिवर्दीखान होता. तोही काही धुतल्या तांदळासारखा नव्हता. दोन वर्षांपूर्वी आपल्या धन्याच्या मुलाला, सरफराजखानाला, लढाईत मारूनच त्याने मसनद मिळविली होती. बरद्वानजवळ मराठ्यांनी नवाबाच्या फौजेला वेढा घालून तिची रसद तोडली. कसाबसा वेढा फोडून ती फौज काटव्याकडे निघाली, तेव्हा अन्नाअभावी लोकांनी केळीचे कंद खाऊन दिवस काढले. मे महिन्यात मराठी स्वारांनी राजधानी मुर्शिदाबादवर झडप घातली आणि जगतशेठांची पेढी लुटली. भास्करपंतांचा विचार पावसाळ्यापूर्वी परतण्याचा होता. पण नवाबाला सोडून मराठ्यांना मिळालेल्या मीर हबीबने त्यांना थांबविले, आणि फौजेने काटव्याला छावणी केली. त्या पावसाळ्यात भागीरथीच्या पश्चिमेचा मोठा मुलूख मराठ्यांच्या हाती होता. आठ महिन्यांची स्वारी येथे पहिल्यांदा अंमल होऊ पाहत होती.

या काळाचे दोन साक्षीदार आपल्याला लाभले आहेत. एक बरद्वानच्या राजाचे आश्रित पंडित बाणेश्वर विद्यालंकार. त्यांनी १७४४ मध्ये पुऱ्या केलेल्या ‘चित्रचंपू’ या संस्कृत ग्रंथात शाहूराजाच्या फौजेचे वर्णन आले आहे. गर्भिणी, बालके, ब्राह्मण आणि दरिद्री यांपैकी कोणालाही ही फौज सोडीत नाही, असा त्याचा भावार्थ आहे. दुसरा साक्षीदार गंगाराम नावाचा बंगाली कवी. त्याच्या काव्याचे नाव वाचून मी चमकलो होतो. त्याचे नाव ‘महाराष्ट्र पुराण’! त्याची हस्तलिखित पोथी १७५१ च्या सुमाराची आहे. ज्या नावाच्या उच्चाराने आपली छाती भरून येते, त्या नावाचे एक पुराण परक्या भाषेत आहे आणि ते आकांताचे आहे.

गंगारामाने काय पाहिले? त्याने लढाईचे डावपेच सांगितले, पण त्याचे मन रस्त्यावर होते. बारगी येत आहेत ही आवई उठताच गावेच्या गावे निघाली. पंडित पोथ्यांची गाठोडी घेऊन निघाले. सोनारांनी तराजू उचलला, कासारांनी तांब्यापितळेची भांडी घेतली, कोळ्यांनी जाळी खांद्यावर टाकली. शेतकऱ्यांनी पुढच्या पेरणीचे बियाणे बैलांवर लादले. ज्या बायकांनी कधी उंबरा ओलांडला नव्हता त्या डोक्यावर ओझी घेऊन चालू लागल्या. गर्भार बायका वाटेतच प्रसूत झाल्या. काही लोक वाटेवर उभे राहून येणाऱ्याजाणाऱ्याला विचारीत होते, बारगी आहेत तरी कोठे? उत्तर मिळे, आम्ही डोळ्यांनी पाहिले नाहीत, पण सगळे पळत आहेत म्हणून आम्हीही पळतो.

मित्रहो, ही यादी पुन्हा एकदा मनाशी वाचा. पोथी, तराजू, जाळे, बियाणे. माणूस जिवावरच्या प्रसंगी काय उचलतो? उद्याचे पोट ज्याच्यावर अवलंबून आहे ते उचलतो. शेतकऱ्याने बियाणे उचलले याचा अर्थ, कोठेतरी, कोणाच्या तरी जमिनीत पुन्हा पेरणी करण्याची आशा त्याने सोडली नव्हती. आणि ज्याचे बियाणे वाटेत लुटले गेले, त्याचे केवळ या वर्षीचे नव्हे, पुढच्या वर्षीचेही पीक गेले. जिंकण्याची किंमत मोजताना आपण प्रेते मोजतो, न पेरलेली शेते मोजीत नाही.

त्यापुढचे वर्णन या सभागृहात करणे मला जड जाते, पण टाळणे अप्रामाणिकपणाचे होईल. रुपये काढा म्हणून लोकांच्या नाकातोंडात पाणी भरले गेले, हात व नाके कापली गेली, घरे आणि देवळे जाळली गेली आणि स्त्रियांवर अत्याचार झाले, असे गंगाराम लिहितो. त्या काळच्या डच व्यापाऱ्यांनी या वर्षांत बंगाल-बिहारात सुमारे ४ लाख माणसे दगावल्याचा अंदाज केला होता. हा अंदाज आहे, मोजणी नव्हे; आणि भयाच्या दिवसांत आकडे फुगतात हेही मला मान्य आहे. पण आकडा निम्मा केला, त्याच्याही निम्मा केला, तरी गुरुजींच्या प्रश्नाचे उत्तर बदलत नाही. चूल पेटली नाही.

गंगारामाच्या काव्यातील एक गोष्ट आपल्याला विशेष अंतर्मुख करणारी आहे. त्याने कथेची सुरुवात मराठ्यांच्या निंदेने केलेली नाही. पृथ्वीवर पाप फार माजले म्हणून शंकरानेच नंदीकडून शाहूराजाकडे निरोप धाडला, अशी त्याची मांडणी आहे. म्हणजे त्याच्या लेखी मराठे आरंभी ईश्वरी योजनेचे साधन होते. भास्करपंतांनी काटव्याच्या मुक्कामी दुर्गापूजाही थाटाने मांडली. त्यासाठी जमीनदारांकडून वर्गणी घेतली गेली. सप्टेंबर १७४२ च्या अखेरीस, तो उत्सव पुरा होण्याआधीच, अलिवर्दीने पहाटे छापा घालून मराठ्यांना उधळून लावले. पुढे भास्करपंत पुन्हा आले आणि निरपराधांचा संहार वाढला, तेव्हा कवी म्हणतो की प्रत्यक्ष भवानीच कोपली आणि तिने आपली कृपा नवाबाकडे वळविली. तुळजापूरच्या भवानीला कुलस्वामिनी मानणाऱ्या आपल्यासारख्यांनी या वाक्याकडे कसे पाहावे? एका हिंदू कवीने मुसलमान नवाबाच्या बाजूला भवानी उभी केली, कारण त्याच्या दृष्टीने देवी जातीधर्माच्या बाजूने नव्हती, पळणाऱ्यांच्या बाजूने होती.

३१ मार्च १७४४ रोजी मानकरा येथे वाटाघाटींच्या निमित्ताने बोलावून अलिवर्दीने भास्करपंतांची आणि त्यांच्या २१ सरदारांची हत्या करविली. तो विश्वासघात होता, आणि त्याला दुसरे नाव देण्याचे कारण नाही. पण त्याने रयतेची सुटका झाली नाही. रघूजी पुन्हा आले, आणखी सात वर्षे युद्ध चालले. १७५१ मध्ये तह झाला. वर्षाला १२ लाख रुपये चौथाई ठरली, ओडिशा भोसल्यांकडे आला आणि १८०३ च्या देवगावच्या तहापर्यंत तो त्यांच्याकडे राहिला.

हे १२ लाख कोणी भरले? माझ्या फळ्यावर हा प्रश्न कधी आला नव्हता. अलिवर्दीने ‘चौथ मराठा’ या नावाचा जादा कर जमीनदारांवर बसविला आणि जमीनदारांनी तो कुळांवर ढकलला. याआधी १७४३ मध्ये तर आणखी विलक्षण प्रकार झाला होता. रघूजींना आवरण्यासाठी पेशवा बाळाजी बाजीराव स्वतः बंगालमध्ये गेले आणि त्या कामासाठी अलिवर्दीने त्यांना २२ लाख रुपये दिले. म्हणजे एका मराठी फौजेने लुटले त्याचे एकदा दिले, आणि दुसऱ्या मराठी फौजेने वाचविले त्याचे पुन्हा दिले. दोन्ही वेळा रक्कम एकाच कणगीतून गेली.

आणि याचा अंतिम लाभ कोणाला झाला? पश्चिम बंगालमधून हजारो माणसे नदी ओलांडून पूर्वेकडे गेली, काही इंग्रजांच्या कलकत्त्यात आश्रयाला आली. कलकत्त्याच्या रहिवाशांनी आपल्या खर्चाने शहराभोवती खंदक खणायला घेतला. तो ‘मराठा खंदक’ या नावाने ओळखला गेला. तो पुरा झाला नाही, त्याला ओलांडून मराठे कधी आले नाहीत, आणि पुढे तो बुजवून त्यावर रस्ता झाला. परंतु त्या नऊ वर्षांत एक गोष्ट लोकांच्या मनात रुजली : देशी सत्ता आपले रक्षण करू शकत नाही, व्यापाऱ्यांच्या तटाआड मात्र जीव वाचतो. प्लासीची लढाई त्यानंतर सहाच वर्षांनी, १७५७ मध्ये झाली. प्लासीची कारणे अनेक आहेत. पण तिची जमीन नांगरून ठेवण्यात आपलाही एक फाळ होता, असे मला वाटते.

यावर काही आक्षेप येतील, आणि ते आदराने ऐकले पाहिजेत. पहिला, ही इंग्रजांनी आपल्या बदनामीसाठी रचलेली कथा आहे. त्याचे उत्तर सोपे आहे. बाणेश्वर आणि गंगाराम यांनी लिहिले तेव्हा बंगालवर इंग्रजांचे राज्य नव्हतेच. दुसरा, त्या काळी सगळ्याच फौजा असे करीत. हे पुष्कळ अंशी खरे आहे. पण या उत्तरावर आपणच समाधान मानू नये, अशी व्यवस्था आपल्याच राजाने करून ठेवली आहे. १६७३ मध्ये चिपळूणजवळच्या छावणीतील अधिकाऱ्यांना शिवछत्रपतींनी पाठविलेले पत्र प्रसिद्ध आहे. दाणागोटा विकत घ्या, कुणब्याच्या दाण्याला, गवताला, भाजीला हात लावू नका. नाहीतर रयतेला वाटेल की यांच्यापेक्षा मोगल बरे. पेटत्या दिव्याची वात उंदीर ओढून नेईल आणि गवताला आग लागेल, इथपर्यंत त्या पत्रात काळजी आहे. जो राजा उंदराने नेलेल्या वातीचा विचार करतो, त्याच्या नातवाच्या नावाने बंगालमध्ये गावे जळाली. सत्तर वर्षांत एवढे अंतर पडले. तेव्हा आपल्याला मोजायला परकीय गज नको, घरचाच आहे.

याहूनही एक अवघड गोष्ट आहे. आक्रमण म्हणजे काय हे आपल्याला ठाऊक नव्हते असे नाही. १६८१ ते १७०७ औरंगजेब दक्षिणेत ठाण मांडून बसला होता. त्या वर्षांतील दुष्काळ, साथी, उजाड झालेली शेते आणि माणसाजनावरांची हाडे यांचे वर्णन मनुचीने केले आहे. ज्यांनी हे सोसले त्यांचीच नातवंडे पस्तीस वर्षांनी बंगालमध्ये गेली. जखमेची आठवण माणसाला आपोआप दयाळू करीत नाही. ती कधी दयाळू करते, तर कधी नुसती आपली पाळी आल्याचे समाधान देते. यांपैकी काय होणार, हे ती आठवण पुढच्या पिढीला कशी सांगितली जाते यावर ठरते. आणि ते सांगण्याचे काम शाळेचे आहे.

आपल्या स्वतःच्या नुकसानीचा हिशेब आपण किती हळुवारपणे ठेवतो, ते आठवा. पानिपतची वार्ता देणारे ते सांकेतिक पत्र, त्यातली मोती, मोहरा आणि नाण्यांच्या खुर्द्याची गणती, लहानपणी ऐकून माझ्या डोळ्यांत पाणी आले होते. मोती म्हणजे कोण हे आपण नावानिशी सांगतो. त्या खुर्द्यात बारगीर होते. त्यांची नावे आपल्यालाही ठाऊक नाहीत. विजयात विसरला गेला तो काटव्याचा शेतकरी, आणि पराजयात विसरला गेला तो आपला बारगीर. दोघांनाही एकाच हिशेबाने खर्ची घातले.

आता थोडे आपल्या गावाविषयी. आपण बडोदेकर मराठी भाषिक येथे यात्रेला म्हणून आलो नव्हतो. आपले पूर्वज गायकवाडांच्या फौजेबरोबर आणि दप्तराबरोबर आले; १७३४ पासून १९४९ पर्यंत बडोदे गायकवाडांकडे होते. त्याआधी १७२५ मध्ये मराठी फौज अहमदाबादेच्या वेशीशी आली, तेव्हा नगरशेठ खुशालचंदांनी पदरचा पैसा देऊन शहर लुटीतून वाचविले आणि कृतज्ञ व्यापाऱ्यांनी मालावर शेकडा ४ आणे त्यांच्या घराण्याला देण्याचे कबूल केले. आपले गुजराती शेजारी ही गोष्ट आपल्यासमोर काढीत नाहीत, तो त्यांचा सुसंस्कृतपणा. आपण ती विसरू नये, हा आपला असावा. याच बडोद्यात सयाजीरावमहाराजांनी १९०६ मध्ये संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत केले. स्वारीतून आलेली सत्ता रयतेची कशी होते, याचे ते उदाहरण आहे. पण स्वारीपासून पाटीपर्यंत यायला पावणेदोनशे वर्षे लागली, हेही त्याच उदाहरणात आहे.

येथे मला रियासतकार सरदेसायांची आठवण होते. बडोद्याच्या राजसेवेत त्यांची उमेदीची वर्षे गेली. त्यांचे परम स्नेही कोण? बंगालचे जदुनाथ सरकार. बारग्यांच्या स्वाऱ्यांवर जदुनाथांनी कठोर शब्दांत लिहिले. सरदेसायांनी मराठ्यांच्या पराक्रमावर जन्मभर प्रेम केले. तरीही सुमारे पन्नास वर्षे त्यांचा स्नेह टिकला, दोघांनी पत्रे लिहिली, कागद धुंडाळले, लढायांच्या जागा बरोबर हिंडून पाहिल्या. एकाच्या पूर्वजांनी दुसऱ्याच्या पूर्वजांचा मुलूख जाळला होता, हे दोघांनाही ठाऊक होते. ते झाकल्याने हा स्नेह टिकला नाही. ते कागदावर मांडून त्याच्याकडे दोघांनी मिळून पाहिले म्हणून टिकला.

आपण त्या पापाचे धनी आहोत काय? मी तसे म्हणणार नाही. नातवाने आजोबांची शिक्षा भोगू नये. पण वडिलार्जित घर आपल्या नावावर करून घ्यायचे आणि त्यावरचा बोजा मात्र ओळखत नाही म्हणायचे, हे कोणत्याही चावडीत चालत नाही. अटकेपार गेलेले झेंडे आपले असतील, तर काटव्याच्या वाटेवर सांडलेले बियाणेही आपल्या खात्यावर आहे.

म्हणून या शाळेतील शिक्षकबंधूंना आणि भगिनींना माझी एकच विनंती आहे. फळ्यावर १२ लाखांची चौथाई जरूर लिहा. तिच्याखाली रेघ ओढण्यापूर्वी मुलांना गंगारामाची ती वाट सांगा : पोथी, तराजू, जाळे आणि बियाणे. मुलांची मान त्याने खाली जाणार नाही. शेजाऱ्याच्या घरातली अंगाई ऐकताना ती ओळखता येईल, एवढेच होईल.

त्या आजी आता नाहीत. त्या दुपारी त्यांनी माझ्यासाठी गाणे थांबविले, आणि मी काहीच न बोलता घरी आलो. ‘थांबू नका, पूर्ण म्हणा, मला ऐकायचे आहे,’ एवढे म्हणायला हवे होते. ते आज या व्यासपीठावरून म्हणतो, आणि गुरुजींच्या स्मृतीला अभिवादन करून आपली रजा घेतो.